आजोबांची रिळं स्कॅन झाल्यावर टाकून द्यायची का?

तुमचा प्रश्न दोनदा वाचला. मला कळलं ते असं की आजोबांच्या पेटीत ११ रिळं निघाली, ८ छोटी म्हणजे ८ एमएमची आणि ३ मोठी १६ एमएमची, घरातले सगळे म्हणतात की त्यातल्या एकात त्या जुन्या संपाचा मोर्चा आहे, दोन डबे उघडले की आंबट वास येतो, आणि ओळखीतले एक जण म्हणतायत की प्रोजेक्टरवर चालवून भिंतीवरून मोबाईलने शूट करून देतो. तुम्हाला विचारायचंय की एवढं झालं की रिळं टाकली तर चालतील का, आणि मग एआयने रंग भरून, शार्प करून अपलोड करावं का. आणि जाता जाता एक ओळ लिहिलीय की वडिलांच्या आत्या, वय ८८, आपण त्या मोर्चात होतो असं सांगतात.

तातडीचं आधी सांगतो. रिळं टाकू नका, स्कॅन झाल्यावरही नाही. प्रोजेक्टरवर चालवू नका, "काय आहे ते एकदा बघू तरी" म्हणूनसुद्धा नाही. आणि आत्याआजींशी बोलायला स्कॅनची वाट बघू नका. याबद्दल शेवटी नीट लिहितो कारण मला विचाराल तर तुमच्या अख्ख्या प्रश्नात सगळ्यात महत्त्वाची ओळ तीच आहे.

मी २२ वर्षं फिल्म तपासायच्या टेबलावर काम करतोय, म्हणजे दोन हाताने फिरवायचे रिवाइंडर, मधे लाइट बॉक्स, हातात भिंग, आणि दिवसभर कुणाची ना कुणाची रिळं. लोक येतात ते "याची फाइल करून द्या" म्हणत, आणि त्यात चूक काहीच नाही, पण फाइल करणं हे त्यातल्या त्यात सोपं काम आहे. खरी अडचण अशी की अजून ५० वर्षांनी कुणी तो मोर्चा बघितला तर त्याला हा तोच मोर्चा आहे हे कशावरून कळणार, आणि समोर दिसतंय ते त्या दिवशी कॅमेऱ्यासमोर खरंच होतं यावर त्याने का विश्वास ठेवायचा. चित्र टिकवणं, ते जसं होतं तसं ठेवणं, आणि ते कशाचं आहे हे लिहून ठेवणं, या तिन्हीतलं एक सुटलं की उरलेल्या दोघांचा उपयोग फार कमी राहतो. नाव, गाव, तारीख काही नसलेली उत्तम अवस्थेतली रिळं मी ढिगाने पाहिलीत. सुंदर चित्रं असतात आणि कुणालाच काही सांगता येत नाही.

आता मी तुमची रिळं पाहिलेली नाहीत, त्यामुळे बऱ्याच गोष्टी परिस्थितीवर आहेत. फिल्म किती आकसलीय, इतकी वर्षं कुठे ठेवली होती, रंगीत आहे की कृष्णधवल, आवाजाची पट्टी आहे का, तुम्ही किती खर्च करू शकता, या सगळ्यावर उत्तर थोडं थोडं बदलतं. पण रिळं का टाकायची नाहीत हे यातल्या कशावरच अवलंबून नाही, म्हणून ते आधी.

हौशी लोक ८ एमएम आणि १६ एमएमवर शूट करायचे ते बहुतेक रिव्हर्सल फिल्मवर. म्हणजे कॅमेऱ्यात जी फिल्म फिरली तीच धुऊन आली आणि तीच प्रोजेक्टरवर लागली. सिनेमासारखी निगेटिव्ह वेगळी आणि प्रिंट वेगळी असा प्रकार नाही. तुमच्या डब्यातलं ते रीळ बहुधा जगातलं एकमेव आहे, त्या दिवशी मोर्चावरून आलेला उजेड प्रत्यक्ष त्याच पट्टीवर पडलाय. त्यावरून केलेली फाइल कितीही चांगली असली तरी ती आजच्या मशीनच्या ताकदीएवढीच चांगली. १५-२० वर्षांपूर्वी माझ्याकडे एक कुटुंब आलं होतं, त्यांनी १६ एमएमची चार रिळं कुठूनतरी डीव्हीडीवर करून घेतली होती आणि "आता झालं ना कॉपी" म्हणून रिळं टाकली होती. डीव्हीडी अडकायला लागली म्हणून ते आले. तिच्यातून जेवढं निघालं तेवढं काढून दिलं, पण त्यात चित्राच्या चारी कडा कापलेल्या, उजळ भाग पांढराफटक, चेहरे म्हणजे नुसते ठिपके. रिळं असती तर त्याच चेहऱ्यांवरचे भाव दिसले असते. त्यांच्या हे लक्षात आलं तेव्हा खोलीत कुणी काही बोललं नाही, आणि मला ते अजून आठवतं.

एक जगप्रसिद्ध उदाहरण देतो. २२ नोव्हेंबर १९६३ ला अमेरिकेचे अध्यक्ष केनेडी यांच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या तेव्हा झाप्रुडर नावाच्या एका कपडे व्यावसायिकाने आपल्या घरगुती ८ एमएम कॅमेऱ्यावर ते शूट केलं, ४८६ फ्रेम, जेमतेम २६ सेकंद. पुढे मूळ फिल्म हाताळताना तिच्यातल्या काही फ्रेम खराब झाल्या, आणि त्या कशा होत्या हे आज कळतं ते त्याच दिवशी मूळ फिल्मवरून करून घेतलेल्या कॉप्यांमुळे. आणि उलट बाजूने, त्यावर पुढे जे काही तपास आणि वाद झाले त्यात प्रत्येक वेळी लोक परत मूळ फिल्मकडेच गेले. मूळही हवं आणि लवकर केलेल्या चांगल्या कॉप्याही हव्यात, हे एका उदाहरणात इतकं स्पष्ट दुसरीकडे मी तरी पाहिलं नाही. अजून एक, त्याच रिळावर आधी झाप्रुडरच्या घरचे साधे प्रसंग आहेत. त्यामुळे मोर्चाचा तुकडा तेवढा ठेवतो आणि बारशाचं, सहलीचं काढून टाकतो असं कृपा करून करू नका, आधी काय होतं आणि नंतर काय होतं यावरूनच पुष्कळदा तारीख लागते.

आता वासाचं. सगळ्यांना आधी भीती असते ती नायट्रेटची, म्हणजे पेट घेणाऱ्या फिल्मची. ती भीती खरी आहे, नायट्रेट जळताना स्वतःच ऑक्सिजन तयार करतं म्हणून पाण्याखालीसुद्धा जळत राहतं, आणि १९७८ मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय अभिलेखागाराच्या एका साठवणीत अशीच आग लागून युनिव्हर्सल न्यूजरीलची, म्हणजे थिएटरात दाखवायच्या बातमीपटांची, जवळजवळ १.२६ कोटी फूट फिल्म गेली. पण नायट्रेट मुख्यतः ३५ एमएममध्ये वापरलं जायचं आणि कोडॅकने ते १९५१ च्या सुमाराला बंद केलं. १६ एमएम १९२३ मध्ये आणि ८ एमएम १९३२ मध्ये आलं तेच घरात वापरायचं म्हणून न पेटणाऱ्या बेसवर, बेस म्हणजे चित्राच्या थराखालची प्लास्टिकची पट्टी. त्यामुळे तुमच्याकडे नायट्रेट असण्याची शक्यता जवळपास नाही. पेटीच्या तळाशी एखादं ३५ एमएमचं रीळ निघालं आणि ते चिकट, फुगे आलेलं किंवा तपकिरी भुकटी झालेलं असलं तर मात्र हात लावू नका, उष्णतेपासून लांब ठेवा आणि थेट जाणकाराला बोलवा.

तुमचा आंबट वास म्हणजे ॲसिटेट, म्हणजे तो न पेटणारा बेस, सडतंय. याला व्हिनेगर सिंड्रोम म्हणतात. ॲसिटेटचा बेस गरम दमट हवेत हळूहळू फुटतो, त्यातून ॲसिटिक ॲसिड निघतं, आणि वाईट भाग असा की ते ॲसिडच पुढची सड वाढवतं. म्हणून सुरुवातीची कितीतरी वर्षं काहीच होत नाही असं वाटतं आणि एकदा वास सुरू झाला की पुढचं भराभर होतं. फिल्म आकसते, वळते, ठिसूळ होते, शेवटी वरचा चित्राचा थर बेसपासून सुटायला लागतो. अमेरिकेतल्या रॉचेस्टरच्या इमेज पर्मनन्स इन्स्टिट्यूटने काढलेल्या हिशोबानुसार नवी ॲसिटेट फिल्म २१ अंश आणि ५० टक्के आर्द्रतेत ठेवली तर हे सुरू व्हायला साधारण ४० वर्षं लागतात, हवा जास्त गरम दमट असली तर अर्थातच लवकर. तुमची रिळं ती मुदत ओलांडून बसलेली आहेत. त्याच संस्थेच्या एडी स्ट्रिप नावाच्या कागदी पट्ट्या मिळतात, डब्यात एक टाकून डबा बंद करून निदान एक दिवस ठेवायची, निळ्याची हिरवी झाली तर सड सुरू आहे, पिवळी झाली तर ते रीळ सगळ्यात आधी स्कॅनला. नाकावर भरवसा ठेवू नका कारण नाक पाच मिनिटांत त्या वासाला सरावतं, आणि ते हुंगत बसणं तब्येतीलाही बरं नाही, खिडकी उघडी ठेवून काम करा.

मग आज करायचं काय, तर वास येणारे दोन डबे बाकीच्या नऊपासून वेगळ्या खोलीत ठेवा, कारण ती वाफ चांगल्या रिळांनाही लागते. पत्र्याचे डबे आतून गंजले असतील तर रीळ बाहेर काढून साध्या आम्लरहित पुठ्ठ्याच्या खोक्यात ठेवा, पण जुना डबा आणि त्यावरची चिठ्ठी टाकू नका, पुढे मागे दोन्ही बाजूंनी फोटो काढा आणि कुठलं रीळ कुठल्या डब्यातलं ते लिहा. रिळं आडवी ठेवा. माळा, स्वयंपाकघर, बाहेरच्या भिंतीला टेकलेलं कपाट या तिन्ही जागा वाईट. घरातली सगळ्यात थंड आणि कोरडी जागा शोधा. स्कॅनला वेळ लागणार असेल तर फ्रिजमध्ये ठेवता येतात, त्याने सड खरंच खूप मंदावते, पण हवाबंद पिशवी एकावर एक दोन अशा घालून, आणि बाहेर काढल्यावर पूर्ण एक दिवस पिशवी उघडायची नाही, नाहीतर थंड फिल्मवर दव धरतं आणि मग तुम्ही बुरशीला आमंत्रण दिलं. पांढरे तंतू किंवा जाळीसारखं काही दिसलं तर ती बुरशी, ओल्या फडक्याने पुसू नका, तिथला जिलेटिनचा थर आधीच कमजोर झालेला असतो आणि पाण्याबरोबर चित्रच निघून येतं. हे मी माझ्या पहिल्या वर्षी स्वतःच्या हाताने करून बसलोय, एका फ्रेमवर बोटभर जागा कायमची कोरी झाली. त्यानंतर मी ओलं फडकं टेबलाजवळ येऊ दिलेलं नाही.

१६ एमएमच्या रिळांवर कडेला तपकिरी पट्टी असेल तर ती आवाजाची चुंबकीय पट्टी, त्यातल्या लोखंडाच्या ऑक्साइडमुळे सड अजून वेगाने होते, तर असं रीळ असलं तर त्याचा नंबर वर घ्या. रंगाचं म्हणाल तर कोडॅक्रोम असेल तर नशीबवान आहात, अंधारात ठेवलेलं कोडॅक्रोम इतकी वर्षं रंग धरून राहतं की बघून विश्वास बसत नाही. इतर बऱ्याच जुन्या रंगीत फिल्ममधला निळसर रंग आधी उडतो आणि सगळं गुलाबी लाल दिसायला लागतं. तसं दिसलं तर घाबरून जाऊ नका, स्कॅन करताना बरंच परत आणता येतं.

प्रोजेक्टरला माझा एवढा विरोध का तेही सांगतो. प्रोजेक्टर कडेच्या भोकांमध्ये नखासारखा एक पंजा घालून फिल्म ओढतो, सेकंदाला १६ ते २४ वेळा. फिल्म आकसली की भोकांमधलं अंतर कमी होतं, एक टक्काभर आकसली तरी पंजा भोकात नीट बसत नाही आणि भोकं फाडत जातो. वर दिव्याची उष्णता. एका फेरीत अख्खं रीळ कामातून जाऊ शकतं. आणि एवढं करून भिंतीवरून मोबाईलने घेतलेल्या चित्रात काय मिळतं, तर लुकलुक, मध्ये उजेड आणि कडेला अंधार, आणि फ्रेमच्या फ्रेम गायब. जे म्हणतायत ते मदत करायच्या भावनेनेच म्हणत असतील, त्यांचे आभार माना आणि नाही म्हणा.

हवं आहे ते फ्रेम बाय फ्रेम स्कॅनिंग. आधुनिक स्कॅनरमध्ये फिल्म रबराच्या रोलरवरून सरकते, भोकांमध्ये दाते जात नाहीत, दिवा थंड असतो, त्यामुळे आकसलेली फिल्मही चालते. स्कॅन करणाऱ्याला काय विचारायचं ते सांगतो. स्कॅनरला दाते आहेत का. स्कॅनच्या आधी फिल्म हाताने तपासता का, जोड सुटलेले असतात ते परत लावता का. प्रत्येक फ्रेम वेगळी पकडता का आणि फ्रेमच्या बाहेरची कड, भोकांसकट, स्कॅनमध्ये येते का. काहीही सुधारणा न केलेली मूळ फाइल मला मिळेल का. आणि रिळं परत त्याच डब्यांमध्ये, त्याच क्रमाने मिळतील का. "आम्ही थेट एमपी४ देतो, त्यात सगळं साफ करून" असं उत्तर आलं तर दुसरा माणूस शोधा. एखादं रीळ इतकं वळलेलं असेल की सपाटच होत नाही तर कुणीही घाईने ओढू नये, तशा रिळाला वेगळी तयारी लागते आणि क्वचित काहीच करता येत नाही, हेही खरं.

वेगाचं एक लक्षात ठेवा. जुनं ८ एमएम साधारण सेकंदाला १६ फ्रेमने शूट व्हायचं, १९६५ मध्ये आलेलं सुपर ८ हे १८ ने, आवाजासहित १६ एमएम २४ ने. १६ फ्रेमचं २४ ने दाखवलं की माणसं तुरुतुरु पळतात आणि गंभीर मोर्चासुद्धा गंमतीचा दिसतो. हा त्या माणसांवर अन्याय आहे असं मला नेहमी वाटतं. १६ एमएमच्या १०० फुटात ४००० फ्रेम, म्हणजे १६ च्या वेगाने ४ मिनिटं १० सेकंद आणि २४ च्या वेगाने २ मिनिटं ४७ सेकंद, एवढा फरक पडतो. स्कॅनमध्ये एक फ्रेम म्हणजे एकच फ्रेम राहू द्या, वेग दाखवताना ठरवा.

फाइली मोठ्या होतात, मनाची तयारी ठेवा. २के मध्ये, म्हणजे रुंदीला साधारण २००० ठिपके, फाइल न दाबता (अनकॉम्प्रेस्ड) ठेवलेली एक फ्रेम १२ एमबीच्या आसपास, म्हणजे तेवढ्याच १०० फुटाचे ५० जीबी. एफएफव्ही१ सारख्या फॉरमॅटमध्ये काहीही न गमावता ते बरंच कमी होतं, आणि रोज बघायला वेगळी छोटी एमपी४ करा. तीन कॉप्या, दोन वेगळ्या प्रकारच्या साधनांवर, एक दुसऱ्या घरात किंवा दुसऱ्या शहरात. प्रत्येक फाइलचा चेकसम, म्हणजे फाइल जराही बदलली तर बदलणारा तिचा ओळख-आकडा, काढून साध्या टेक्स्ट फाइलमध्ये ठेवा, वर्षातून एकदा परत काढून जुळतोय का बघा, न जुळणारी कॉपी चांगल्या कॉपीवरून बदला. पेन ड्राइव्ह ही जपून ठेवायची जागा नाही, एकाकडून दुसऱ्याकडे न्यायची वस्तू आहे. एकदा रेकॉर्ड झालं म्हणजे आपोआप सुरक्षित असं वाटत असेल तर एवढंच सांगतो की माणूस पहिल्यांदा चंद्रावर उतरला त्या थेट प्रक्षेपणाच्या मूळ डेटा टेप नासाकडेही राहिल्या नाहीत, त्या पुसून परत वापरल्या गेल्या असं शोधाशोध केल्यावर २००९ मध्ये सांगितलं गेलं, आणि आज जे दिसतं ते टीव्ही केंद्रांकडच्या कॉप्यांवरून सुधारलेलं आहे.

आता एआय. माझं मत स्पष्ट आहे, मूळ स्कॅनला हात लावायचा नाही, आणि रंगवलेली कॉपी केलीत तर तिच्यावर आणि तिच्या फाइलच्या नावातही "रंग नंतर भरलेले" असं लिहायचं. घरच्यांना आवडेल म्हणून एक कॉपी रंगवली तर मी काही रागावणार नाही. पण तुमच्या बाबतीत एक खास धोका आहे. मोर्चा आहे म्हणजे फलक असणार. फलकावरची अक्षरं ८ एमएममध्ये अर्धवट, पुसट असतात, आणि शार्प करणारं सॉफ्टवेअर त्या जागी अक्षरासारखं काहीतरी स्वतः तयार करतं. माझ्याकडे एकांनी असाच व्हिडिओ आणला होता, फलकावर एक शब्द ठसठशीत दिसत होता आणि त्यावरून त्यांनी तो कुठल्या संघटनेचा मोर्चा ते ठरवूनही टाकलं होतं. मूळ फिल्म भिंगाखाली धरली तर तिथे फक्त चार काळे डाग. चेहऱ्यांचंही तेच होतं, सॉफ्टवेअर चेहरा देतं पण तो त्या माणसाचा असतोच असं नाही. आणि आत्याआजींना तुम्ही असा चेहरा दाखवलात तर त्या काय ओळखणार?

हे काही आजच्या तंत्रामुळे आलेलं संकट नाही. पहिल्या महायुद्धातली सोमची लढाई १९१६ मध्ये शूट झाली, त्यात सैनिक खंदकातून वर चढून हल्ल्याला निघतात तो प्रसिद्ध प्रसंग लढाईत घेतलेला नाही, वेगळा मांडून घेतलेला आहे, आणि तरी तो कित्येक वर्षं खरा म्हणून दाखवला गेला. हिंडेनबर्ग हे हवाई जहाज ६ मे १९३७ ला जळालं, त्याच्या चित्रासोबत निवेदकाचा हुंदका आपण ऐकतो, पण तो आवाज वेगळा, तबकडीवर रेकॉर्ड झालेला आणि चित्राशी नंतर जोडलेला. दोन्ही गोष्टी आज माहीत आहेत त्या कुणीतरी मूळ साहित्य आणि त्यासोबतच्या नोंदी जपल्या म्हणून. नाहीतर आपण डोळ्यांवर विश्वास ठेवून मोकळे झालो असतो.

उलटंही घडतं. कॅनडातल्या डॉसन शहरात १९७८ मध्ये बांधकाम करताना गोठलेल्या जमिनीतून ५३३ नायट्रेट रिळं निघाली, जुना पोहण्याचा तलाव बुजवताना भराव म्हणून टाकलेली. इंग्लंडमधल्या ब्लॅकबर्न गावात १९९४ मध्ये एका दुकानाच्या तळघरात तीन पिंपांमध्ये ८०० च्या वर निगेटिव्ह सापडल्या, १९०० च्या आसपासच्या, त्यात काय तर कारखान्याच्या दारातून सुटीच्या वेळी बाहेर पडणारे कामगार, रस्त्यावरची पोरं, मिरवणुका. तेव्हा ती त्याच लोकांना संध्याकाळी तिकीट लावून दाखवायला काढलेली साधी चित्रं होती, आज त्या काळचे कष्टकरी चालायचे कसे, हसायचे कसे हे दाखवणारं दुसरं काही इतकं जिवंत नाही. आणि आपल्याकडे सावे दादा म्हणजे हरिश्चंद्र भाटवडेकरांनी १८९९ मध्ये कुस्ती आणि १९०१ मध्ये रँग्लर परांजप्यांचं परत येणं शूट केलं हे आपण नुसतं वाचतो, बघायला ते मिळत नाही. तुमच्या आजोबांच्या मोर्चाचं यातलं काय होणार हे पुढच्या एक-दोन वर्षांत तुम्ही काय करता त्यावर आहे, असं मला प्रामाणिकपणे वाटतं.

तारीख लावायला फिल्म स्वतः थोडी मदत करते. उजेडासमोर कड धरून भिंगाने बघा, बनवणाऱ्याचं नाव, "सेफ्टी" हा शब्द, आणि कोडॅक असेल तर गोल, चौकोन, त्रिकोण अशा खुणा दिसतील. त्या खुणा फिल्म कुठल्या वर्षी बनली ते सांगतात, पण दर २० वर्षांनी त्याच खुणा परत येतात, म्हणून १९४५ की १९६५ हे चित्रातल्या गाड्या, कपडे बघून ठरवावं लागतं. फिल्म बनल्यानंतर पाच वर्षांनी शूट झालेली असू शकते, आधी मात्र शक्यच नाही. एकदा डब्यावर १९६२ लिहिलेलं रीळ आलं होतं आणि कडेवरची खूण १९६५ ची होती. कुटुंबाला पटेना, डबा त्यांच्या वडिलांच्या अक्षरातला. शेवटी कळलं की डबा दुसऱ्याच रिळाचा होता, कधीतरी अदलाबदल झालेली. म्हणून डब्यावरचं लिहिणं जपा पण त्यालाच पुरावा समजू नका. फिल्म दुसऱ्या फिल्मवरून छापलेली असेल तर मूळच्या खुणाही तिच्यावर उमटतात आणि गोंधळ होतो, तेवढं जाणकाराला दाखवा.

हक्काचं थोडक्यात, कारण कायदा देशाप्रमाणे बदलतो. रीळ घरात आहे म्हणजे त्यावरचा कॉपीराइटही आपला असं आपोआप होत नाही. हौशी शूटिंग असेल तर तो सहसा शूट करणाऱ्याचा आणि मग वारसांचा, पण आजोबा कुणासाठी तरी पगारावर शूट करत होते का हे विचारा. दिसणारी माणसं जिवंत असू शकतात, कुणाला मार बसताना किंवा पकडून नेताना दिसत असेल तर अपलोड करण्याआधी शक्य असेल तर त्यांना किंवा घरच्यांना विचारा. फिल्म अभिलेखागार अशी रिळं ठेवून घेतात, थंड कोठारात, आणि तुम्हाला स्कॅनही देतात, पण सगळीच संस्था सगळं घेत नाही. देताना लेखी करार करा, मालकी देताय की नुसतं सांभाळायला देताय ते त्यात स्पष्ट असू द्या. माझा कल विचाराल तर मोर्चाचं रीळ खरंच तसं निघालं तर ते संस्थेकडेच जावं, घरात तेवढी थंडी आणि कोरडेपणा आयुष्यभर राखणं अवघड आहे.

आता आत्याआजी. रीळ फ्रिजमध्ये ठेवून दोन वर्षं थांबता येतं, पण ८८ वर्षांच्या माणसाला थांबायला सांगता येत नाही. म्हणून क्रम उलटा करा. वास न येणाऱ्या रिळांपैकी ज्यात मोर्चा असेल असं वाटतं त्याची सुरुवातीची तीन-चार फूट फक्त हाताने, कडेला धरून उलगडा, ताण द्यायचा नाही, अडकलं की थांबायचं. पांढऱ्या स्क्रीनवर किंवा लाइट बॉक्सवर ठेवून मोबाईलने जवळून फोटो काढा आणि मोठे करून छापून घ्या. ८ एमएमची फ्रेम नखापेक्षा लहान असते, फोटो ओबडधोबडच येणार, ओळखायला तेवढे पुरतात. मोर्चा आतल्या भागात असेल आणि इथे दिसलाच नाही तर नुसत्या डब्यांचे फोटो आणि पेटीतल्या इतर वस्तू घेऊन जा.

बोलताना "हा त्या संपाचा मोर्चा ना?" असं विचारू नका, कारण वयस्कर माणूस तुमचं मन राखायला हो म्हणतो. फोटो हातात द्या आणि "यात काय दिसतंय?" एवढंच विचारून गप्प बसा. पहिलं बोलणं रेकॉर्ड करा, त्यांची परवानगी घेऊन. कुणाचं नाव सांगितलं तर आत्याआजी त्या माणसाला कशा ओळखायच्या हेही विचारा. त्या "नक्की नाही" म्हणाल्या तर तसंच लिहा, आपण ते नक्की करू नका. माझ्या पाहण्यातलं एक रीळ घरातले ४० वर्षं "सत्याग्रह" म्हणत होते, आणि एका आजींनी फोटो हातात घेतल्या घेतल्या सांगितलं की हा सत्याग्रह नाही, हे आमच्या शिक्षकांची अंत्ययात्रा आहे, बघा सगळे अनवाणी आहेत. आम्ही दहा जणांनी ती फिल्म तपासली होती आणि पायांकडे कुणीही बघितलं नव्हतं. स्कॅन आल्यावर परत एकदा जा, पूर्ण दाखवा, हवं तिथे थांबवा. दोन्ही वेळचं बोलणं, तारीख, कोण बोललं, कोण हजर होतं, हे लिहून त्याच फोल्डरमध्ये ठेवा जिथे स्कॅन आहे, आणि एक छापील प्रत रिळाच्या खोक्यात.

या आठवड्यात ते फोटो निघाले तर ११ डब्यांचे आणि तीन १६ एमएम रिळांच्या कडांचेही इथे टाका, कडेच्या खुणांचे जवळून, उजेड मागून येईल असे. वर्ष काय असू शकतं आणि कुठलं रीळ आधी स्कॅनला पाठवायचं ते बघून सांगतो. आणि आत्याआजींकडे जाताना भिंग न्या, त्यांना छापलेला फोटो बघायला लागेल.